सेट उभा करायचा तर: चित्रपटाच्या कलाविभागात शिरणाऱ्यांसाठी

कलाविभागात आलेल्या नव्या असिस्टंटच्या हातात पहिल्या दिवशी पडते ती टेप. खोली मोजायची, दार मोजायचं, खिडकी जमिनीपासून किती उंचीवर आहे ते मोजायचं, कॉटखाली किती जागा राहते तेही मोजायचं. चित्र चांगलं काढता येतं म्हणून या क्षेत्रात आलेल्यांचा इथे थोडा हिरमोड होतो. पण या कामाचा सगळा भार दोन गोष्टींवर आहे. एक माप, आणि दुसरा प्रत्येक वस्तूला विचारायचा प्रश्न: तुला इथे कुणी ठेवलं आणि कधी? रंग, पोत, सौंदर्यदृष्टी यांचा नंबर त्यानंतर लागतो.

आधी कुणाचं काम कोणतं ते पाहू. प्रॉडक्शन डिझायनर दिग्दर्शक आणि छायालेखकासोबत बसून चित्रपटाचं एकूण रूप ठरवतो: काळ, रंगांची दिशा, सेट कुठे बांधायचे आणि खरं लोकेशन कुठे घ्यायचं. आर्ट डायरेक्टर ते नकाशावर आणतो, खर्च बांधतो, ठेकेदाराकडून काम करून घेतो. सेट डेकोरेटर उभ्या राहिलेल्या भिंतींमध्ये घर भरतो: फर्निचर, पडदे, भांडी, दिवे, भिंतीवरचे फोटो. पात्राच्या हातात जी वस्तू येते, ती चिठ्ठी, तो पेला, ती काठी, ते खातं प्रॉपर्टी मास्टरचं. शूटिंग चालू असताना सेटवर हजर राहतो तो स्टँडबाय असिस्टंट. मराठी चित्रपटाच्या बजेटमध्ये यातली तीन-चार कामं बहुधा एकाच माणसाच्या गळ्यात पडतात. दमछाक होते, पण शिकायला याहून चांगली जागा नाही.

या कामाची मुळं आपल्याकडे खोल आहेत. कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी रंगवलेल्या पडद्यांच्या जागी घन, खऱ्या जागेसारखे सेट आणले. त्यांच्याच हाताखाली तयार झालेल्या साहेबमामा फत्तेलालांनी १९२९ साली स्थापन झालेल्या प्रभात कंपनीचा कलाविभाग सांभाळला. प्रभात १९३३ मध्ये पुण्यात आली आणि तिच्याच जागेवर आज फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट ऑफ इंडिया, म्हणजे एफटीआयआय उभी आहे.

शिकायचं कुठे

एफटीआयआयमध्ये कलादिग्दर्शन आणि प्रॉडक्शन डिझाइनचा स्वतंत्र पदव्युत्तर अभ्यासक्रम आहे. जागा थोड्या असतात, म्हणून फक्त त्यावर भिस्त ठेवू नका. जे. जे. किंवा पुण्याचं अभिनव, कोल्हापूरचं कलानिकेतन अशा कलामहाविद्यालयांतून, आर्किटेक्चरमधून, इंटिरिअर डिझाइनमधून या क्षेत्रात सतत माणसं येत असतात. आर्किटेक्टला नकाशा येतो पण भिंत जुनी करता येत नाही. चित्रकाराचं नेमकं उलट. आपल्यात काय कमी आहे ते ओळखून ते आधी शिका.

रंगभूमीचा रस्ता मात्र अनेकांना सुचत नाही, आणि तो फार मोलाचा आहे. राज्य नाट्य स्पर्धा आणि एकांकिका स्पर्धांमध्ये नेपथ्य करताना हाती पैसे नसतात, सेट टेम्पोत मावला पाहिजे आणि थोड्या मिनिटांत लागला पाहिजे. या तिन्ही अडचणी पुढे कामाला येतात. फक्त एक सवय मोडावी लागते. नाटकाचा प्रेक्षक वीस-तीस फुटांवर बसलेला असतो, कॅमेरा दोन फुटांवर येतो. रंगमंचावर खपून जाणारी रंगवलेली वीट क्लोजअपमध्ये लगेच उघडी पडते.

पोर्टफोलिओ बारा ते पंधरा पानांचा ठेवा. सुट्या सुंदर चित्रांपेक्षा एकच काम सुरुवातीपासून शेवटपर्यंत दाखवलेलं बरं: प्रसंग, संदर्भ म्हणून काढलेले फोटो, वरून पाहिलेला नकाशा, चारही भिंतींची उभी चित्रं, साहित्याची यादी, खर्च आणि शेवटी प्रत्यक्ष फोटो. हातात काम नसेल तर स्वतःच्या घरातली एक खोली मोजा आणि पाव इंचाला एक फूट या प्रमाणात काढा. मग तीच खोली १९७० सालची करायची तर काय काढावं लागेल, काय आणावं लागेल, याची यादी करा. ही दोन पानं पाहून समोरचा माणूस तुम्हाला ओळखतो. ऑटोकॅड आणि स्केचअप यायला हवंच, पण सेटवर सुताराला समजवायला पेन्सिलीनेच काढावं लागतं.

मुंबईत कलादिग्दर्शकांची आणि सेटिंग कामगारांची वेगवेगळी युनियन आहे, आणि दोन्ही फेडरेशन ऑफ वेस्टर्न इंडिया सिने एम्प्लॉईजच्या छत्राखाली येतात. युनियनच्या सदस्यत्व-कार्डाचे नियम आणि शुल्क काम धरण्याआधी चौकशी करून समजून घ्या. सुरुवात मालिकेतून झाली तर कमीपणा वाटून घेऊ नका. मालिकेचा सेट वर्षानुवर्षं टिकवावा लागतो, जाहिरातीचा एका दिवसासाठी निर्दोष लागतो, चित्रपटाला कथेप्रमाणे बदलणारा लागतो. तिन्ही ठिकाणचे हात वेगळे तयार होतात.

पटकथा फोडणं

पटकथा पहिल्यांदा वाचताना पेन बाजूला ठेवा. दुसऱ्या वाचनात प्रत्येक प्रसंगाची एक ओळ करा: प्रसंग क्रमांक, आत की बाहेर, दिवस की रात्र, जागा, पात्रं, पात्रांच्या हातातल्या वस्तू, आणि मागच्या वेळेपेक्षा जागेत झालेला बदल. तिसऱ्या वाचनात कथेतले दिवस मोजा. शूटिंग प्रसंगांच्या क्रमाने होत नाही. सकाळी बारावा प्रसंग आणि दुपारी तिसरा. तिसऱ्यात कपाटाची काच शाबूत आहे आणि बाराव्यात फुटलेली, हे कोष्टकात नसेल तर सकाळी काच फोडून बसाल आणि दुपारी लावायला दुसरी काच नसेल. फुटणाऱ्या, जळणाऱ्या, खाल्ल्या जाणाऱ्या प्रत्येक वस्तूचे नग ठरवताना दिग्दर्शकाला टेक किती होतील ते विचारा आणि त्यावर दोन जास्त धरा.

एक खोली: गिरगाव, १९७०

चाळीतली १० बाय १२ ची खोली घेऊ. आई-वडील, आजी, दोन मुलं. पहिला प्रश्न फर्निचरचा नाहीच. पाच माणसं रात्री झोपतात कुठे? लोखंडी कॉट एक, ती आजीची. म्हणजे चार वळकट्या दिवसा कुठेतरी रचलेल्या दिसायला हव्यात. कॉटखाली पत्र्याची ट्रंक, तिच्या पुढे चपला नकोत, कारण चपला दाराबाहेर गॅलरीत. दाराजवळ खुंटीवर वडिलांची छत्री आणि पिशवी, म्हणजे निघताना हात जाईल तिथे. कोपऱ्यात मोरी, मोरीच्या कठड्यावर घासलेली पितळी भांडी उपडी, शेजारी पाण्याचं पिंप. स्टोव्ह ज्या बाजूला, त्या भिंतीवर काजळी. फडताळावर रेडिओ, त्यावर क्रोशाचं कव्हर. सकाळचा प्रसंग असेल तर दाराशी आरेच्या दुधाची काचेची बाटली.

आता काळ तपासा. भिंतीवर कालनिर्णय लावलंत तर चुकलात, ते १९७३ सालापासूनचं. टीव्ही नको, मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं. टेबलावरच्या पत्रावर पिनकोड नको, तो १५ ऑगस्ट १९७२ चा. रस्त्यावरच्या गाडीची 'एमएच' पाटी १९८९ नंतरची. दुकानाच्या फलकावर रुपयाचं आजचं चिन्ह नको, ते २०१० मध्ये आलं. प्लॅस्टिकची बादली, मग, चिमटे हे सगळ्यात आधी उचला, कारण ते डोळ्यांना इतके सवयीचे झालेत की चौघांच्या नजरेतून सुटतात. वायरिंग लाकडी पट्टीवरून भिंतीबाहेर, बटणं काळी गोल बेकेलाइटची.

आणखी एक. १९७० च्या खोलीतली प्रत्येक वस्तू १९७० ची नसते. आजीची समई १९३० ची असेल, ट्रंक वडिलांच्या लग्नातली, नवा फक्त मुलाच्या शाळेचा कंपास. सगळंच एका वर्षातलं ठेवलं की खोली दुकानासारखी दिसते. काळाचा अभ्यास करणारी मुलं हीच चूक सगळ्यात जास्त करतात.

लेन्सला काय दिसतं

सेट किती मोठा आणि किती उंच बांधायचा, हे छायालेखकाला लेन्स विचारल्याशिवाय ठरवू नका. चित्रपटाच्या कॅमेऱ्यात नेहमी सापडणाऱ्या सुपर ३५ आकाराच्या सेन्सरची रुंदी साधारण २५ मिमी असते. म्हणून हिशोब सोपा आहे: २५ मिमी लेन्स जितक्या अंतरावरून पाहते, तितकीच रुंदी तिला दिसते. १५ फुटांवरून १५ फूट. ५० मिमी लेन्सला त्याच अंतरावरून साडेसात फूट. १६:९ चौकटीत उंची रुंदीच्या नऊ-सोळांश, म्हणजे १५ फुटांना सुमारे ८.४ फूट.

कॅमेरा जमिनीपासून ४ फुटांवर आणि सरळ असेल, तर चौकटीची वरची कड समोरच्या भिंतीवर ८.२ फुटांवर येते. १० फुटी फ्लॅट (लाकडी चौकटीवर प्लाय ठोकून केलेला भिंतीचा तुकडा) पुरला. पण कॅमेरा १० अंश वर झुकवला की तीच कड ११ फुटांच्या वर जाते आणि भिंतीच्या डोक्यावरून स्टुडिओचे दिवे दिसू लागतात. अशा वेळी तुळया किंवा छताचा तुकडा आधीच तयार हवा. शूटिंगच्या दिवशी छत मागितलं आणि ते नसेल, तर पुढचे तीन तास सगळं युनिट तुमच्याकडे पाहत बसतं.

बांधकामाचा हिशोब

समजा सेट असा आहे: १२ फुटी मागची भिंत आणि १४ फुटांच्या दोन बाजू, उंची १० फूट, चौथी बाजू कॅमेऱ्यासाठी मोकळी. एकूण लांबी ४० फूट, क्षेत्रफळ ४०० चौरस फूट. मागच्या भिंतीला ४ फुटी फ्लॅट तीन, प्रत्येक बाजूला ४ फुटी तीन आणि २ फुटी एक. म्हणजे ४ फुटी नऊ आणि २ फुटी दोन.

प्लाय ८ बाय ४ मध्ये येतो, ३२ चौरस फूट. ४०० भागिले ३२ म्हणजे साडेबारा, वाया जाणारं धरून चौदा-पंधरा शीट मागवा. फ्लॅट १० फुटी असल्यामुळे प्रत्येकात २ फुटांचा जोड येणारच. सगळे जोड ८ फुटांवर एका रेषेत आले की बाजूने प्रकाश पडताच भिंतीवर आडवी रेघ उठते. एका फ्लॅटचा जोड वर, पुढच्याचा खाली असं लावा. सांध्यांवर कापडी पट्टी, वर पुट्टी, वाळल्यावर घासणी.

चौकटीसाठी २ बाय १ इंची लाकडी पट्टी: ४ फुटी फ्लॅटला दोन उभ्या आणि पाच आडव्या, मिळून ४० फूट. सगळ्या सेटला ४२० फूट, मागच्या टेक्यांची लाकडं वेगळी. इमल्शनच्या दोन हातांना तीन ते चार लिटर पुरतं. कोरा प्लाय रंग पितो, म्हणून आधी प्रायमर. शुभ्र पांढरा टाळा. प्रकाश उसळतो आणि चेहरा काळवंडतो. पडद्यावर पांढरी दिसणारी भिंत बहुतेक वेळा मळकट क्रीम किंवा फिकट राखाडी असते.

दोन बाजूंपैकी एक भिंत सुटी ठेवा, बोल्ट काढले की बाजूला सरकेल अशी. छायालेखक कधी ना कधी तिथे कॅमेरा मागतोच.

पावसाळ्यात गोरेगावच्या चित्रनगरीत उघड्यावर सेट बांधायचा असेल तर हिशोबच बदलतो. जमिनीला टेकलेला प्लाय पाणी ओढतो आणि खालून फुगतो, पीओपी वाळत नाही, वाळण्याआधी दिलेला रंग पापुद्र्यांनी सुटतो. फ्लॅट जमिनीपासून ४ इंच वर ठोकळ्यांवर घ्या, खालच्या कडांना आधीच रंग द्या, पाणी वाहून जायला चर काढा आणि वाळण्याचे दिवस दुप्पट धरा.

भिंत जुनी करणं

नवशिका माणूस सगळी भिंत सारखी मळवतो. खरी भिंत ठरावीक जागीच मळते, कारण हात ठरावीक जागीच लागतात. बटणाभोवती, दाराच्या कडेला साधारण ३ ते ४.५ फुटांच्या पट्ट्यात, कॉटच्या उशाशी डोक्याच्या तेलाचा डाग, मोरीजवळ जमिनीपासून फूट-दीड फूट ओल. फोटो किंवा कॅलेंडर काढलेल्या जागी उलट स्वच्छ चौकोन.

पद्धत अशी: मूळ रंग पूर्ण वाळू द्या. तपकिरी-काळ्या इमल्शनचा एक भाग आणि पाण्याचे आठ भाग कालवा, स्पंजने लावा आणि लगेच ओल्या फडक्याने टिपून काढा. वाळला की दुसरा हात फक्त मळणाऱ्या जागी. पाच फूट मागे जाऊन फोन कॅमेऱ्यात पाहा. पांढऱ्या ट्यूबखाली काम करून पिवळ्या दिव्यात शूट झालं तर तोच मळ लालसर दिसतो, म्हणून छायालेखकाचा दिवा लावून तपासा.

जुन्या कागदासाठी अर्धा लिटर पाण्यात चार चमचे चहा पावडर उकळून गाळा, पसरट ताटात कागद दोन मिनिटं बुडवा, सपाट वाळवा. घड्यांवर आणि कडांवर ब्रशने दुसरा हात. इंकजेटवर छापलेलं पत्र चहात घातलं की शाई पसरते. एक तर लेझर प्रिंट काढा, नाहीतर आधी कागद रंगवून वाळवा आणि मग छापा. शाईने हाताने लिहायचं असेल तरीही कागद आधी, लिखाण नंतर.

वस्तू कुठून आणायच्या

मुंबईत जुन्या वस्तूंसाठी चोर बाजारातली मटन स्ट्रीट (शुक्रवारी दुकानं बंद), जुन्या लाकडी फर्निचरसाठी ओशिवरा, दिवे आणि वायरिंगच्या सामानासाठी लोहार चाळ, कापडासाठी मंगळदास मार्केट, पूजेचं आणि पितळी सामान भुलेश्वरला, माठ-कुंड्या धारावीच्या कुंभारवाड्यात. पुण्यात बुधवार-रविवारचा जुना बाजार, आणि तांब्याची भांडी घडवून हवी असतील तर तांबट आळी. भाड्याने मिळणारं विकत घेऊ नका. उचलताना प्रत्येक नगाचा चारही बाजूंनी फोटो, आधीचे ओरखडे चलनावर, म्हणजे वस्तू नेल्याच्या पावतीवर, लिहून घ्या. नाहीतर जुना तडा तुमच्या डिपॉझिटमधून भरला जातो.

पैशांची वही रोजच्या रोज लिहा. जुन्या बाजारात बिल मिळत नाही, म्हणून बिनबिलाच्या खर्चाची मर्यादा निर्मितीकडून आधीच लेखी घ्या आणि व्हाउचरवर विक्रेत्याची सही घ्या. स्वतःचे पैसे घालून काम पुढे ढकलू नका. मानधनाचे हप्ते आणि श्रेयनामावलीतलं नाव, दोन्ही पहिल्या दिवसाआधी कागदावर यायला हवं.

शूटिंगचा दिवस

सेट आदल्या दिवशी दुपारी चारपर्यंत द्या, म्हणजे प्रकाशयोजनेला संध्याकाळ मिळते. स्टँडबायच्या पेटीत असावं: ५ मीटर टेप, कटर, गॅफर टेप, दुहेरी चिकट टेप, ग्लू गन, नायलॉन दोरा, ओळंबा, सेफ्टी पिना, खडू, धुळीसाठी मुलतानी माती, पेल्यावरच्या थेंबांसाठी ग्लिसरीन आणि पाणी समप्रमाणात. काचेच्या तसबिरीत युनिट दिसू लागलं तर तसबिरीमागे वरच्या बाजूला थर्माकोलचा तुकडा घालून ती किंचित पुढे झुकवा. सेटवरचे स्वस्त एलईडी बल्ब कॅमेऱ्यात लुकलुकतात. ५० हर्ट्झच्या विजेवर, शूट होणार त्याच फ्रेमरेटला, आदल्या दिवशी तपासून घ्या.

प्रत्येक प्रसंग संपला की चारही दिशांचे फोटो, फर्निचरच्या पायांना खडूच्या खुणा, घड्याळातली वेळ आणि कॅलेंडरचं पान वहीत. जेवणाचा प्रसंग असेल तर ताटाचा वरून फोटो. डाव्या बाजूची चटणी उजवीकडे गेली की संकलनाच्या टेबलावर सगळ्यांना दिसते.

काही गोष्टी फक्त परवानगीने. बैल, कबुतरं, कुत्रा, कोणताही प्राणी असेल तर भारतीय पशु कल्याण मंडळाची पूर्वपरवानगी लागते. खऱ्या नोटांसारखा दिसणारा कागद छापणं गुन्हा आहे; गड्ड्यांमध्ये वर-खाली खऱ्या नोटा आणि मध्ये कोरे कागद ठेवा. अशोकस्तंभाच्या राजमुद्रेच्या वापरावर २००५ चा कायदा आहे. भिंतीवरचं चित्र आणि पुस्तकाचं मुखपृष्ठसुद्धा कुणाच्या तरी मालकीचं असतं.

आगीबद्दल एक शब्दही हलका घेऊ नका. सेट म्हणजे लाकूड, कापड, थर्माकोल आणि रंग, वर तापलेले दिवे. २०१७ च्या सप्टेंबरमध्ये चेंबूरच्या आर. के. स्टुडिओचा मुख्य फ्लोअर आगीत गेला. सेटची पाठ आणि स्टुडिओची भिंत यांत ४ फुटांची वाट मोकळी ठेवा, थर्माकोल तापलेल्या दिव्यापासून ३ फूट लांब, आगनळकांडी दाराशी, आणि ती कुणाला चालवता येते हे सगळ्यांना माहीत हवं. त्या चार फुटांत सामान रचून ठेवलेलं दिसलं, तर कितीही घाई असली तरी आधी ते हलवा.

वाईसारख्या ठिकाणी खऱ्या वाड्यात शूटिंग असेल तर भिंतीत खिळा मारू नका. आत शिरण्याआधी प्रत्येक खोलीचे फोटो काढून मालकाला पाठवा, काढलेल्या वस्तूंची यादी करा, आणि देव्हारा हलवायचा असेल तर घरच्यांनाच हलवू द्या.

शेवटचा शॉट झाला की सगळे केक कापायला जातात आणि कलाविभागाचा अर्धा दिवस उरतो. आधी भाड्याच्या वस्तू उतरवा, चलनाशी पडताळा, फुटलेलं त्याच दिवशी सांगा. पुन्हा शूट करावं लागेल अशा प्रसंगांच्या वस्तू खोक्यांत घालून वर प्रसंग क्रमांक लिहा, आणि संकलकाचा होकार येईपर्यंत एकही खोकं परत पाठवू नका. फ्लॅट तोडायचे की पुढच्या सेटसाठी ठेवायचे ते निर्मितीला विचारून घ्या. जमिनीवरचे खिळे चुंबकाने वेचून घ्या, उद्या सकाळी तिथे दुसऱ्या युनिटची माणसं अनवाणी पूजा करणार असतात.